दुसरी खेप

वैनी,

आधी अक्षराची माफी मागते. माझं अक्षर चौथीत जिथं थांबलं तिथंच आहे. वेलांट्या कुठल्या पहिल्या नि कुठल्या दुसऱ्या हे मला तेव्हाही कळत नव्हतं, आताही कळत नाही. तुम्ही मुलांच्या वह्या तपासताना चुकीवर काट मारत नव्हतात, खाली बारीक ठिपका द्यायचात. तसेच ठिपके देत जा आणि पुढं वाचा. माझ्या लेकीची, सायलीची, अर्धी कोरी राहिलेली वही घेतली आहे. हे दुसऱ्या कुणी वाचायचं नाही.

तोंडानं बोलणं मला कधी जमलं नाही. बाजारात भाव विचारायचा तर मी तुमच्या पाठीमागं उभी राहून तुमच्या पदराला हिसका द्यायची, मग तुम्ही विचारायचात. माणसांसमोर मी कालपर्यंत आयुष्यात एकदाच मोठ्यानं बोलले होते, आणि ते तुमच्याविरुद्ध.

तुमच्या दहाव्याला कावळा लगेच शिवला. पान ठेवून भटजी मागं सरतायत तोवर उतरला नि भात घेऊन गेला. सगळे म्हणाले, भाग्याची बाई, मागं काही राहिलं नाही तिचं. मी हात जोडून उभी होते आणि मला चरचरलं. मला वाटलं होतं, तो अडून बसेल. अडला असता तर कुणीतरी म्हणालं असतं, काय राहिलंय ते बोला. मग मी बोलले असते. तुम्ही माझी तेवढीही सोय केली नाहीत. तुमचं काही अडलेलं नव्हतं, अडले होते ती मी.

मी लग्न होऊन ह्या घरात आले तेव्हा दोघेही भाऊ मुंबईला होते. घरात आपण दोघी जावा. मी येईपर्यंत एवढ्या घरात तुम्ही एकट्याच होतात, तरी पहिल्या दिवशी मला म्हणालात, "तुला भीती वाटत असंल तर माझ्याकडं झोप गो. मला नाय वाटत भीती, पण तू हायस म्हटल्यावर वाटायला लागंल." मला तो विनोद कळायला आठवडा लागला. तुम्ही दहावी पास. माझी शाळा चौथीत सुटली, कारण पाचवीला पऱ्या ओलांडून पलीकडच्या गावात जायला लागायचं आणि पावसात पऱ्याला पाणी चढलं की मुलींना कोण पाठवणार? पण पाढे मला तिसापर्यंत येत होते. फणसाचे गरे चाळणीवर घासताना तुम्ही मध्येच विचारायचात, "सतरा नव्वे?" मी मान वर न करता सांगायची, "एकशे त्रेपन्न." तुम्हाला बाराच्या पुढचे पाढे आठवत नसत. "दहावी पास बाईचं नाक कापतेस गो," म्हणायचात, आणि माझ्या मनाला इतकं बरं वाटायचं की त्या दिवशी चीक काढायला हाताला खोबरेल लावायचंसुद्धा मी विसरून जायची.

हे एवढ्यासाठी लिहिते, की पुढं जे झालं ते पैशासाठी झालं असं तुम्हाला वाटलं असेल. पैशासाठी नव्हतं. त्या पाढ्यांसाठी होतं.

सायली पहिलीला जायच्या आदल्या वर्षी, मे महिन्यात, रायवळ आंब्याची पोळी तुम्ही घातलीत आणि बरक्या फणसाची मी. तुमची दहा पाकिटं झाली, माझी पंधरा. तुम्ही सकाळच्या एसटीनं लांज्याला गेलात, स्टँडसमोरच्या दुकानात माल दिलात आणि दुपारी येऊन ओटीवर अठराशे रुपये ठेवलेत.

"आंब्याचा नव्वद भाव दिलान, फणसाचा साठ. तुझे नऊशे, माझे नऊशे. बघ, बरोब्बर निम्मे निम्मे."

मी पैसे घेतले. पण आत कुठंतरी लागलं. माझी पंधरा, तुमची दहा, आणि पैसे सारखे? तुम्ही भाव सांगितला होतात, तरी लागलं. मग दुसऱ्या दिवशी विहिरीवर खालच्या वाडीतली एक बाई भेटली. ती लांज्याला काजूच्या कारखान्यात जायची. सहज विषय निघाला तशी म्हणाली, "फणसपोळी? ऐंशीला हाय लांज्यात. पाकिटावर आकडा चिकटवलेला बघितलाय मी."

मी घरी आले. चुलीवर भात होता. चुलीपुढं बसून हिशेब घातला. पंधरा आठे एकशे वीस, वर शून्य, बाराशे. अठराशेतनं बाराशे गेले, उरले सहाशे. तुमची पाकिटं दहा. म्हणजे आंब्याला साठ. दहा साठे सहाशे. रुपया इकडं नाही, रुपया तिकडं नाही. आकडा बसला.

वैनी, तो आकडा बसला तेव्हा मला वाईट वाटायला हवं होतं. माझ्या थोरल्या जावेनं मला फसवलं असं मी ठरवत होते, तर डोळ्यात पाणी यायला हवं होतं. तसं झालं नाही. मला आनंद झाला. चौथीच्या पाढ्यांनी दहावीला धरलं, असं वाटलं. भात खाली लागला तरी मी तिथंच बसून होते.

संध्याकाळी घरापुढच्या खळ्यात सगळे बसलेले. दोघे भाऊ सुट्टीवर आलेले, शेजारची चार माणसं पानसुपारीला आलेली. मी चहाचे पेले घेऊन बाहेर आले, ते खाली ठेवले, आणि बोलले.

"फणसाचा भाव ऐंशी हाय. वैनींनी माझे तीनशे कमी दिले."

कुणाचा पेला उचलला गेला नाही. आमच्या ह्यांनी मला "आत जा" म्हटलं. मी गेले नाही. पंधरा ऐंशे बाराशे, दहा साठे सहाशे, सगळं म्हणून दाखवलं. शेजारच्या बाबल्यानं बोटांवर मोजलं आणि म्हणाला, "बसतंय हो."

तुम्ही दारात उभ्या होतात. हातात सूप होतं. रागावला नाहीत. एवढंच म्हणालात, "अगो, एका खेपेवरनं नाय कळायचं. दुसरी खेप होऊ दे. दुसऱ्या खेपेला तुझं तुलाच कळंल."

मला ती टाळाटाळ वाटली. सगळ्यांनाच वाटली. आणि मग माझ्या तोंडून ते गेलं. "कशाला दुसरी खेप? एवढं खरं असंल तर देवळात चला. देवीपुढं नारळावर हात ठेवा."

आपल्या गावात त्याच्या पुढं बोलणं नसतं. ठेवला हात की संपलं, नाही ठेवला की संपलं. तुम्ही सूप खाली ठेवलंत. "आंबा-फणसाच्या भावात देवीला कशाला घेतेस मधी? तिला काय एवढंच काम हाय?" म्हणालात. हसण्यावारी न्यायला बघत होतात. पण कुणी हसलं नाही. नारळाला नाही म्हणालात एवढंच सगळ्यांनी ऐकलं.

तेव्हा मोठे भावजी, तुमचे मालक, खुर्चीतनं न उठता म्हणाले, "देऊन टाक गो तिचे तीनशे. तमाशा नको."

तुम्ही त्यांच्याकडं बघितलंत. तो चेहरा मी तेव्हा नीट बघितला नव्हता. आता रोज बघते. मग आत गेलात, तीनशे रुपये आणलेत आणि माझ्या हातात दिलेत. माझी मूठ तुम्ही स्वतः मिटलीत.

दुसरी खेप पावसाआधी झाली. तुमची आंब्याची बारा पाकिटं, माझी फणसाची दहा. ह्या खेपेला तुम्ही आल्यावर भाव सांगितला नाहीत. सोळाशे ऐंशी रुपये ओटीवर ठेवलेत, पाय मुडपून समोर बसलात नि म्हणालात, "आता वाटणी तू कर. तुझ्याच भावानं कर."

मी माझी दहा पाकिटं ऐंशीनं धरली. आठशे उचलले. समोर राहिले आठशे ऐंशी. माझ्या हिशेबानं तुमची बारा पाकिटं साठची. बारा साठे सातशे वीस. एकशे साठ रुपये वर उरत होते.

माझा हात थांबला. तुम्ही बघत होतात.

"बसतंय?" तुम्ही विचारलंत.

मला पाढे येत होते, वैनी. मला एका क्षणात कळलं होतं की बसत नाही. कुठं चुकलं ते कळलं नव्हतं, पण चुकलं आहे हे कळलं होतं. तुम्ही मला चारचौघांत नाही, एकटीला, घराच्या ओटीवर, हळूच विचारत होतात. नाही म्हटलं असतं तर तुम्ही मला समजावून सांगितलं असतंत आणि रात्री आपण दोघींनी मिळून आंबोळ्या घातल्या असत्या.

"बसतंय," मी म्हटलं.

तुम्ही मान हलवलीत, राहिलेले पैसे गोळा केलेत आणि उठलात. पुढच्या वर्षी तुमची खेप वेगळी आणि माझी वेगळी. चूल वेगळी झाली. मागच्या पडवीत मधोमध झापं लावली गेली. झापांचं काय, माडाची पानं विणलेली, पलीकडं भांडं घासलं तरी ऐकू येतं. पण लावली. सायली तेव्हा पहिलीत होती. ती मात्र झापाच्या खालच्या कडेनं सरपटत तुमच्याकडं जायची, आणि तोंडाला आंब्याचा रस माखून परत यायची.

पुढं मला माझ्या खेपेला स्वतःला लांज्याला जायला लागलं. दुकानदारानं फणसाला साठ दिले. मी धीर करून विचारलं, "ऐंशी ना?" तो म्हणाला, "ऐंशी मी विकायचा भाव. तुम्हाला साठ. गेल्या साली पण साठच होता, तुमच्या जावेला विचारा." मी एसटीत खिडकीशी बसले आणि घर येईपर्यंत तोंड बाहेर ठेवलं. तेव्हा मला तुम्ही खरं बोललात एवढं कळलं. पण माझा आकडा मग बसला कसा, हे काही कळेना. बसला होता ना? बाबल्यानंही मोजला होता. मी स्वतःला तेवढ्यावर सोडवत राहिले, की माझी तरी काय चूक, आकडाच बसत होता.

ते सुटणंही तुम्ही एका संध्याकाळी संपवलंत. सायली दहावीला होती. गणितात कच्ची. तुमच्याकडं बसायची. मी झापाच्या अलीकडं कुळीथ निवडत होते. तुम्ही तिला गणित घातलंत.

"एका बाईनं दहा केरसुण्या नि पंधरा टोपल्या विकल्यान्. अठराशे रुपये मिळाले. केरसुणीचा भाव काय, टोपलीचा काय?"

माझा हात सुपातच राहिला.

सायली वहीत खुडबुड करून म्हणाली, "काकी, सोप्पं आहे. टोपली ऐंशी, केरसुणी साठ. बसलं!"

माझ्याच पोटची. नेमके तेच आकडे तिच्या तोंडी आले. तुम्ही तिच्या वहीत डोकावून बघितलंत. मग म्हणालात, "बसलं खरं. आता टोपली शंभरला धर."

"पंधराशे. मग केरसुणी... तीस. हे पण बसलं!"

"चाळीसला धर."

"सहाशे. केरसुणी एकशेवीस. काकी, हे पण बसतंय. हे काय, काय पण धरलं तरी बसतंय!"

"मग ह्यातलं खरं कोणतं?"

"मला काय माहीत? त्या बाईला विचारा."

तुम्ही हसलात. "बाईला विचारून झालं, तिच्यावर कुणाचा विश्वास नाय. आता काय करशील? दोन गोष्टी ठाऊक नसल्या की एका वाक्यावर निकाल द्यायचा नाय. दुसरं वाक्य लागतं. आता ऐक, तीच बाई दुसऱ्यांदा गेली. बारा केरसुण्या नि दहा टोपल्या. सोळाशे ऐंशी मिळाले."

मग तुम्ही तिला करून दाखवलंत. मला अर्धंच कळलं. तिप्पट काय केलंत, वजा काय केलंत, ते माझ्या कानावरून गेलं. पण शेवटी सायली ओरडली, "टोपली साठ, केरसुणी नव्वद! दोन्हीकडं बसलं!" ते मला कळलं. लगेच म्हणाली, "पण काकी, साठला टोपली कुठं मिळते? असली तर आपल्याला दोन आणा."

तुम्ही म्हणालात, "मिळत होती पूर्वी." आणि मग, जरा हळू, "एकाच ठिकाणी बसतंय म्हणून खरं धरू नये गो. नायतर कुणाला उगाच..."

तिथं थांबलात. मी झापाला कान लावून बसले होते. पुढचं आलं ते मोठ्यानं आलं.

"सुमन! चहा टाक गो तिघींना!"

मी तिथं आहे हे तुम्हाला पहिल्यापासून ठाऊक होतं. आंब्याची केरसुणी केलीत, फणसाची टोपली केलीत, म्हणजे माझ्या लेकीला कळू नये. आकडे मात्र तेच ठेवलेत, म्हणजे मला कळावं. मी चहा टाकला. तीन पेले झापाच्या खालनं सरकवायला गेले तर तुम्ही म्हणालात, "दोनच दे इकडं. तुझा घेऊन तू इकडं ये. बस आमच्याबरोबर, तू पण शिक."

"आता मला काय करायचंय शिकून?" मी म्हटलं.

"तुझ्याएवढे पाढे सायलीला येत नायत. तुला चार दिवस पुरतील."

मी गेले नाही. चहा उभ्यानं, चुलीशी प्यायले.

त्यानंतर मी पाचशेची एक नोट हळदीच्या डब्यात ठेवली. पहिल्या खेपेचे तीनशे, दुसऱ्या खेपेला जास्तीचे उचललेले दोनशे. किती वेळा ती नोट पदराला बांधून तुमच्या दारात आले त्याचा हिशेब नाही. दारात आले की तुम्ही विचारायचात, "काय गो?" आणि मी म्हणायची, "विरजण हाय का?" एकदा तुम्ही वाटी देताना म्हणालात, "तुझ्या घरी दूध नासतं की दही पळून जातं? एवढं विरजण मी अख्ख्या वाडीला दिलं नसंल." दोघी हसलो. नोट पदरातच राहिली.

सायली दहावीला चांगल्या मार्कांनी सुटली तेव्हा मला वाटलं, आता वाट मिळाली. पेढे घेऊन आले आणि पेढ्यांबरोबर नोट ठेवली. "शिकवणीचे," म्हटलं.

तुम्ही पेढा खाल्लात. नोटेला बघितलंत. तिला हळद लागली होती. तुम्हाला सगळं कळलं असणार. नोट माझ्या हातावर परत ठेवलीत.

"शिकवणीचे पैसे घरातनं घ्यायचे नसतात."

"मग असेच घ्या."

"असेच कशाला घेऊ? ज्याचे असतील ते सांग, घेते."

मी उभी राहिले. तुम्ही वाट बघितलीत. खरोखर वाट बघितलीत, वैनी, हातातला पेढा तसाच धरून. मी म्हटलं, "विरजणाची वाटी घासून आणून देते." आणि गेले.

ह्यावर मी तुमच्याशी मनात फार भांडले आहे. कळलं होतं तर घ्यायचे होते. मला एवढं ओढायचं कशाला? लाजऱ्या बाईकडून बोलणं काढणं म्हणजे आडातून घागर दातांनी ओढणं. तुम्ही दहा वर्षं मला सांभाळून घेतलंत, आणखी एवढं घेतलं असतंत तर? अजूनही वाटतं कधी कधी. तुम्ही हट्टी होतात. हसून हट्ट करायचात, म्हणून कुणाला कळत नव्हतं.

दवाखान्यातून तुम्हाला घरी आणलं तेव्हा मी पाय चेपायला बसायची. खोलीत दोघीच. तुमचे डोळे मिटलेले. मी मनात वाक्य जुळवलं, "वैनी, फणसाचा भाव साठ होता." सहा शब्दांचं पण नाही. घसा साफ केला. तुम्ही डोळे न उघडता विचारलंत, "विरजण पायजे?"

मला हसू आलं, तुम्हालाही आलं, हसताना तुम्हाला खोकला आला आणि मी पाणी आणायला धावले. पाणी घेऊन आले तोवर भावजी खोलीत येऊन बसले होते. ती शेवटची वेळ.

तुम्ही गेल्यावर घरात माणसं भरली. मला दुपारी जरा उसंत मिळाली तेव्हा मी मागच्या पडवीत बसले. मनात आलं, मला बोलायचं असेल तर ऐकलेलं बोलून चालणार नाही. मागं एकदा मी न कळता बोलले होते. आता कळून बोलायला हवं.

काजूच्या बिया घेतल्या आणि चिंचोके घेतले. बी म्हणजे आंब्याचं पाकीट, चिंचोका म्हणजे फणसाचं. पहिली खेप मांडली, दहा बिया, पंधरा चिंचोके. त्याचे सारखे पाच वाटे केले. एका वाट्यात दोन बिया, तीन चिंचोके, पैसे तीनशे साठ. दुसरी खेप मांडली, बारा बिया, दहा चिंचोके. तिचे दोन वाटे. एका वाट्यात सहा बिया, पाच चिंचोके, पैसे आठशे चाळीस. मग बसून राहिले. दोन्हीकडं दोन्ही आहे, एकाचं काढायला गेलं की दुसरं आडवं येतं. तेव्हा तुमचं ते तिप्पट आठवलं. पहिला वाटा तीनदा घेतला, तर सहा बिया झाल्या, नऊ चिंचोके, पैसे एक हजार ऐंशी. आता इकडं सहा बिया, तिकडं सहा बिया. सारख्याला सारखं काढून टाकलं. बिया संपल्या. पाच चिंचोक्यांना पाच चिंचोके काढले. जमिनीवर चार चिंचोके उरले, आणि पैसे दोनशे चाळीस.

चार साठे दोनशे चाळीस.

एवढंच होतं, वैनी. खरंच चार दिवसही लागले नसते. मी त्या चार चिंचोक्यांकडं बघत तोंडात पदर कोंबून रडले. तुम्ही गेल्यापासून पहिल्यांदा रडले. लोकांना वाटत होतं, धाकटी दगडाची आहे.

काल तुमचं बारावं झालं. जेवणं उरकली, माणसं खळ्यात बसली. तेच खळं. मोठे भावजी खुर्चीत, आमचे हे पायरीवर, बाबल्या आता म्हातारा झालेला, भिंतीला टेकून. सायली रत्नागिरीहून आलेली, ती पानं गोळा करत होती. हळदीच्या डब्यातली नोट मी आधीच दुकानात मोडून आणली होती. पदर डोक्यावर घेतला आणि भावजींसमोर जाऊन उभी राहिले. त्यांच्याशी मी कधी सरळ बोललेली नाही. तुमच्यामार्फत बोलायची.

पैसे पुढं केले.

"कसले गो हे?"

"वैनींचे." मग तुमच्यापुढं कधी न निघालेलं वाक्य बोलले. "फणसाचा भाव साठ होता."

"काय? काय पुटपुटतेस? मोठ्यानं बोल."

त्यांचं बरोबर होतं. तेव्हा मोठ्यानं बोलले होते, तर आताही मोठ्यानं बोलायला हवं.

"फणसपोळीचा भाव साठच होता! वैनी खऱ्या होत्या. मी ह्याच खळ्यात त्यांना खोटं पाडलं. त्यांनी नारळावर हात ठेवला नाय, पण खऱ्या होत्या."

सगळे बघायला लागले. आमचे हे उठले. "जाऊ दे गो. कुठली गोष्ट काढतेस आज? कुणाच्या ध्यानात हाय ती?"

"माझ्या हाय," मी म्हटलं.

"माझ्या पण हाय," मोठे भावजी म्हणाले.

सायली पानं हातात घेऊन तशीच उभी राहिली. "आई, त्या केरसुण्या...?" ती म्हणाली.

भावजींनी माझ्याकडं बघितलं नाही, खाली बघत बोलले. "तिनं मुकाट दिलेन् तीनशे. मी म्हटलं, दिलेन् म्हणजे चुकली असंल. गरज असंल काहीतरी, म्हणून ठेवलेन् असतील. मी कधी विचारलं नाय तिला. तिनं पण सांगितलं नाय." मग म्हणाले, "इतकी वर्षं मी तेच धरून चाललो."

वैनी, मला वाटत होतं, मी तुमचे पाचशे रुपये धरून बसले आहे. तुमच्याच घरात, तुमच्याच माणसाच्या मनात मी तुम्हाला चोर करून ठेवलं होतं, आणि मुंबई सोडून घरी आलेल्या त्या माणसाला तुम्ही रोज भाकरी वाढत होतात. तुम्ही हातात पेढा धरून वाट बघत होतात ती कशाची, हे मला काल कळलं. झापाच्या अलीकडं मी ऐकून उपयोगाचं नव्हतं. हे खळ्यात ऐकू जायला हवं होतं.

भावजींनी पैसे हातात घेतले. "हे तीनशेपेक्षा जास्ती हायत."

"तीनशे पहिल्या खेपेचे. दोनशे दुसऱ्या खेपेचे. दुसऱ्या खेपेला त्यांनी मला विचारलं, बसतंय का. बसत नव्हतं. मला दिसत होतं. मी बसतंय म्हटलं."

हे कुणालाच ठाऊक नव्हतं. हे मी सांगितलं नसतं तरी चाललं असतं. पण तुम्ही म्हणाला होतात, ज्याचे असतील ते सांग.

भिंतीकडनं बाबल्या म्हणाला, "मी पण मोजलं होतं तेव्हा. बसलं होतं हो." मग त्याचं त्यालाच कळलं असावं, कारण त्यानं मान खाली घातली.

भावजींनी शंभराच्या तीन नोटा एका मांडीवर ठेवल्या, दोन दुसऱ्या मांडीवर. दोन्हीकडच्या पुन्हा मोजल्या. मग एकत्र केल्या, उठले, आत गेले आणि तुमच्या फोटोपुढं, समईच्या शेजारी ठेवून आले. दारात थांबले, तिथंच, जिथं तुम्ही सूप घेऊन उभ्या होतात.

"पोचले," म्हणाले.

मग त्यांना वाटलं असावं की हे एकटीला सांगून भागणार नाही. खळ्याकडं तोंड करून, शेवटच्या माणसापर्यंत जाईल अशा आवाजात त्यांनी पुन्हा सांगितलं.

"तिचे पाचशे रुपये पुरते पोचले."